सहावा टेक

साबाजी तारीचे डोळे घारे होते,
एवढंच त्याचं भांडवल.
कंपनीची माणसं देवगडच्या धक्क्यावर उतरली
तेव्हा तो जाळं शिवत बसला होता.
डायरेक्टरनं हनुवटीला बोट लावून त्याचा चेहरा उन्हाकडे वळवला,
बांगड्याचे कल्ले उघडून बघतात तसा,
आणि म्हणाला, साहेब मिळाला.

देश तीन वर्षांचा होता.
सिनेमाला गोरा कलेक्टर हवा होता
आणि गोरे आपापल्या घरी गेले होते.
साबाजीला रोजचे चार रुपये, दोन वेळचं जेवण,
तोंडाला सफेता, डोक्याला खाकी टोपी,
पायात बूट, दोन्ही डाव्या पायाचे.
मी बारा वर्षांचा. चंदेरी कागद डकवलेली फळी धरायची,
ऊन पकडून साबाजीच्या तोंडावर टाकायचं.

शेवटचा सीन कस्टम हाऊसच्या काठीपाशी.
साहेब आपल्या हातानं आपला झेंडा उतरवतो,
घडी करतो, बोटीकडे चालू लागतो.
डायरेक्टरला कुणी सांगितलं नाही
की काठी साबाजीच्या ओळखीची आहे.
बेचाळीसच्या गणपतीत, विसर्जनाच्या रात्री,
हिच्यावरूनच त्यानं तोच झेंडा ओढला होता
आणि नऊ महिने रत्नागिरीच्या तुरुंगात काथ्या कुटला होता.
आई गेल्याचा निरोप त्याला तेराव्यानंतर पोचला.

पहिल्या टेकला झेंडा दोन झटक्यांत खाली,
काखेत चोळामोळा,
आणि साहेब माडांच्या दिशेनं धूम पळत सुटला.
कट!
अरे, साहेब पळत नाही.
दुसऱ्याला त्यानं मागं वळून पाहिलं, कुणी येतंय का.
तिसऱ्याला बूट निसटला.
चौथ्याला ऊन हललं, तो दोष माझा.
पाचव्याला दोरी हातात धरून नुसता उभा.
डायरेक्टर ओरडला, फिल्म महाग आहे रे,
दुःखानं उतरव, तुझं राज्य जातंय!
साबाजीनं विचारलं, "किती हळू?"
डायरेक्टरला पटकन सुचेना. मग म्हणाला,
खांद्यावरून माणूस उतरवतात, तेवढं.

सहाव्याला झेंडा खाली यायला इतका वेळ लागला
की कॅमेऱ्यातली फिल्म संपली.
त्याला ते कुणी सांगितलं नाही.
कोपऱ्याला कोपरा जुळवून त्यानं घडी घातली,
वाळलेल्या लुगड्याची घालतात तशी,
आणि ती कुणाच्या हातात द्यायची ते न कळून
माझ्या हातात दिली.

दिवाळीनंतर तंबू लागला. पडद्यावर साबाजी आला
आणि सगळ्या गावानं हुर्यो केली.
तुरुंगातून सुटला तेव्हा ज्यांनी हार घातले होते त्यांनीसुद्धा.
शेंगांची टरफलं थेट त्याच्या पांढऱ्या तोंडावर.
तो पुढे वाळूत बसला होता.
त्यानंही एक मारलं.
तेव्हापासून साबासाहेब. बाजारात, जत्रेत,
लेकीच्या लग्नपत्रिकेवरही कुणीतरी पेन्सिलीनं लिहिलं.

पुढे सरकारनं ताम्रपट वाटले.
मामलेदार कचेरीत कारकुनानं पुरावा मागितला.
तुरुंगाचा कागद वाळवीनं खाल्लेला.
साबाजीनं कंपनीनं दिलेला फोटो टेबलावर ठेवला:
तीच काठी, हातात तोच झेंडा.
"ह्यो मीच आसंय," तो म्हणाला,
"टोपी तेवडी येगळी."
कारकून बराच वेळ हसला.
साबाजीही थोडा हसला, मग फोटो उचलून बाहेर आला.

तंबूवाल्यानं तुटलेली फिल्म फेकली होती,
तिचे चार चौकोन माझ्याकडे आहेत.
हल्ली त्यांना आंबूस वास येतो, मिठातल्या कैरीसारखा.
खिडकीत धरले की माणूस नखाएवढा,
टोपी दिसते न दिसते,
झेंडा काठीच्या मध्यावर.
वर चाललाय की खाली,
चार चौकोनांत कळत नाही.
मी फळी धरायचो तसा
हात अजून स्थिर धरून बघतो.